ताबा कोणाला? हित मुलाचे!
पती-पत्नी विभक्त झाले, तरी त्यांचे मातृत्व-पितृत्व संपत नाही. १८९० चा पालक व पाल्य कायदा आपणा ख्रिस्ती कुटुंबांनाही लागू आहे. मुलाचे नित्य वास्तव्य ठाण्यात वा कल्याण-डोंबिवलीत असेल, तर अर्ज तेथील अधिकारक्षेत्रातच करावयाचा असतो. त्याला घाईने गावी हलविल्याने हक्क सिद्ध होत नाही. न्यायालय मुलाचे वय, धर्म व पालकाची पात्रता पाहते. समजत्या मुलाचे मतही विचारात घेऊ शकते. १९७३ साली एका ख्रिस्ती दांपत्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने बजावले, की मुले ही आईवडिलांची मालमत्ता किंवा खेळणी नव्हेत. ख्रिस्तसभेच्या कायद्याचे कलम ११५४ देखील विभक्त दांपत्याच्या मुलांचे पालनपोषण व शिक्षण यांची तरतूद आवश्यक मानते. म्हणून आम्ही पालकांना विनवितो : आपल्या भांडणात मुलाला साक्षीदार करू नका.