कळ आणि अक्षर

असंघटित कामगारांच्या नोंदणीसाठी २६ ऑगस्ट २०२१ रोजी ई-श्रम संकेतस्थळ सुरू झाले. वडसा परिसरातील तेंदूपत्ता तोडणाऱ्या बाईचा हक्कही आता संगणकाच्या रकान्यातून जातो. म्हणून रकान्याची रीत आपण समजून घेतली पाहिजे.

कळ दाबताच ब्राउझर 'कीडाउन' ही पहिली वर्दी देतो. मग अक्षर रकान्यात पडते, आणि 'इनपुट' ही दुसरी वर्दी येते. पुष्कळ प्रोग्रामर पहिल्या वर्दीवरच पहारा बसवतात : आकड्याची नसलेली कळ अडवायची. हा पहारा फसतो. अँड्रॉइड मोबाइलवर बहुतेक कळांना २२९ हा एकच क्रमांक मिळतो. बोलून लिहिलेल्या मजकुराला तर कळच नसते. आणि पुसण्याची कळ मात्र विनाकारण अडते.

मराठीत तर एक कळ म्हणजे एक अक्षर, हा हिशेबच चुकतो. इनस्क्रिप्ट कळफलकावर शिफ्टसह ७ दाबले की 'क्ष' उमटतो, म्हणजे क, हलन्त आणि ष अशी तीन चिन्हे. 'लक्ष्मी' आपल्याला दोन अक्षरे, यंत्राला सात चिन्हे. इंग्रजी दोनचा युनिकोड क्रमांक ५०, देवनागरी २ चा २४०८. फक्त इंग्रजी आकडे ओळखणारा पहारेकरी आपला आकडा परका ठरवतो.

तेव्हा मागणी साधी आहे. कळ अडवू नका. रकान्यात पडलेला मजकूर तपासा. देवनागरी आकडा फेटाळू नका, बदलून घ्या. चूक असेल तर ती मराठीत सांगा. अखेरची तपासणी सर्व्हरवरच करा, कारण ब्राउझरमधला पहारा कोणीही उठवू शकतो. रकाना अडला की नोंदणी अडते, आणि त्या बाईची दिवसाची मजुरी बुडते.