खिळे जुळवणाऱ्यांची जूट

झरी जामणी तालुक्यातल्या मुकुटबनच्या माणसाला युनियन म्हणजे काय ते समजावून सांगावे लागत नाही. वणी पट्ट्यात वेस्टर्न कोलफील्ड्सच्या, म्हणजे वेकोलिच्या, कोळसा खाणी आहेत आणि खुद्द मुकुटबनला 2022 साली वर्षाला 39 लाख टन क्षमतेचा सिमेंट कारखाना सुरू झाला. खाणीतल्या कायम कामगाराची पगारवाढ जेबीसीसीआय या देशपातळीवरच्या समितीत व्यवस्थापन आणि केंद्रीय कामगार संघटना समोरासमोर बसून ठरवतात. अशा संघटनांच्या सभेची पत्रके आणि वर्गणीची पावती पुस्तके कुठे तरी छापली जातातच. छापणाऱ्या पोराचा पगार मात्र मालकाच्या गल्ल्याशी उभे राहून ठरतो. मुकुटबन घ्या, वणी घ्या, पांढरकवडा घ्या. लहान छापखान्यात दुसरी रीत दिसत नाही.

हे खटकते, कारण जगात छपाई कामगारांइतके लवकर संघटित झालेले कामगार थोडे आहेत. लंडनच्या कंपोझिटरांनी, म्हणजे छपाईच्या अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्यांनी, 1785 साली मालकांकडून मजुरीच्या दरांचा तक्ता मान्य करून घेतला. दुसऱ्याच वर्षी अमेरिकेत फिलाडेल्फियाच्या छपाई कामगारांनी आठवड्याला किमान 6 डॉलर मजुरी मिळावी म्हणून संप केला. कारण उघड आहे. बाकीचे कारागीर निरक्षर असण्याच्या काळात कंपोझिटरला वाचता येणे भागच होते. कायदे, भाषणे, बाजारभाव, दुसऱ्यांच्या संपाच्या बातम्या असे सगळे सर्वांत आधी त्याच्या नजरेखालून जाई.

मराठी मुलखातही कामगारांचा आवाज उठला तो छापील कागदावरच. कृष्णराव भालेकरांनी 1 जानेवारी 1877 रोजी पुण्यात 'दीनबंधु' सुरू केला. पुढे तो बंद पडला आणि 1880 मध्ये नारायण मेघाजी लोखंडे यांनी मुंबईत तो पुन्हा उभा केला. गिरणीत काम करून गिरणीचे हाल जवळून पाहिलेला हा माणूस. 1884 साली त्यांनी गिरणी कामगारांच्या सभा घेतल्या, साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचे निवेदन तयार केले, आणि 1890 मध्ये मुंबईच्या गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. महाराष्ट्राला रविवार मिळवून देणारा पुढारी संपादक होता, ही गोष्ट रविवारच्या पुरवणीत तरी ठळक लिहायला हवी. तरीही ही चळवळ गिरणीची होती. 'दीनबंधु'चे खिळे जुळवणाऱ्याची वेगळी संघटना तिच्यातून निघाली नाही.

मराठी छपाईच्या पहिल्या पिढीत कामगाराला वर यायचे तर बहुधा एकच वाट दिसे, स्वतः मालक होण्याची. निर्णयसागरचे जावजी दादाजी हे तिचे सर्वांत मोठे उदाहरण. वडिलांचे छत्र गेलेले हे पोर दहाव्या वर्षाच्या सुमारास मुंबईत अमेरिकन मिशनच्या छापखान्यात महिना 2 रुपयांवर टाइप घासायला लागले. पुढे टाइप ओतण्याची कला हाती आली, 1864 साली स्वतःची टाइप फौंड्री आणि 1869 साली निर्णयसागर छापखाना. त्या छापखान्याच्या देखण्या देवनागरी अक्षरावर संस्कृत आणि मराठी वाचकांच्या कित्येक पिढ्या पोसल्या. जावजींचे कर्तृत्व असामान्य होते. पण असामान्य माणसाने चढलेली वाट सगळ्यांची वाट होत नाही. टाइप घासणारी बाकीची पोरे म्हातारपणापर्यंत टाइपच घासत राहिली असतील, त्यांची चरित्रे कोणी लिहिली नाहीत.

हे काम कसे होते ते जरा जवळून पाहायला हवे. कंपोझिटर केसपुढे उभा राही. केस म्हणजे लाकडी कप्प्यांची उतरती मांडणी. इंग्रजीचा संसार थोडक्या कप्प्यांत भागे. देवनागरीला काना, वेलांटी, रफार, अर्धी अक्षरे, जोडाक्षरे मिळून शेकडो खिळे, म्हणून कंपोझिटरभोवती केसांचा नुसता वेढा. डाव्या हातात स्टिक, उजव्या हाताने एकेक खिळा उचलायचा, अक्षर उलटे, ओळही उलटी वाचायची. ओळ भरली की मधल्या जागा कमीजास्त करून ती ताठ बसवायची. ओळी गॅलीत, गॅलीचे प्रुफ, चुका दुरुस्त झाल्या की पाने बांधून फर्मा मशीनवर. छपाई संपली की सगळे मॅटर सोडायचे, म्हणजे प्रत्येक खिळा धुऊन परत आपापल्या कप्प्यात टाकायचा. 'क'च्या कप्प्यात 'फ' पडला तर उद्याच्या लग्नपत्रिकेत घोटाळा. खिळ्याच्या धातूत मुख्य भाग शिशाचा, जोडीला अँटिमनी आणि कथील. शिशाची विषबाधा हा आपल्या कारखाना कायद्यानेही सरकारला कळवणे बंधनकारक केलेला आजार आहे. लहान खोलीत, पिवळ्या दिव्याखाली, बोटांना आणि नखांना शिसे लागलेल्या माणसाने तिथेच बसून डबा खायचा, ही छापखान्यातली रोजची गोष्ट होती.

अशा कामाची मजुरी मोजायची कशी, यावरच छपाई कामगारांचे मोठे लढे झाले. 1905 च्या सप्टेंबरात मॉस्कोच्या सितीन छापखान्यातल्या कंपोझिटरांनी स्वल्पविराम आणि पूर्णविराम जुळवण्याचेही पैसे मागितले. मालक मजुरीसाठी अक्षरे मोजत, विरामचिन्हे मोजत नसत. त्या मागणीतून सुरू झालेला संप पसरत गेला आणि ऑक्टोबरात अख्खा रशिया बंद पडला. नेमक्या त्याच आठवड्यांत, बंगालच्या फाळणीने तापलेल्या कलकत्त्यात, सरकारी छापखान्यांतले कामगार कामावरून उठले आणि संप चालू असतानाच 21 ऑक्टोबर 1905 रोजी तिथे प्रिंटर्स युनियन स्थापन झाली. दोन्ही शहरांतल्या कंपोझिटरांना एकमेकांची खबर असण्याचे कारण नव्हते. पण दोन्हीकडे एका छपराखाली पुष्कळ माणसे एकच काम करत होती, आणि एकाचे दुखणे शेजारच्याला सांगावे लागत नव्हते.

आपल्याकडे पुढे संघटना टिकली तीही अशाच जागी: सरकारी मुद्रणालयांत, मोठ्या वर्तमानपत्रांत, आणि नाशिकरोडला, जिथे 1920 च्या दशकात मुद्रांक आणि नोटा छापणारे छापखाने उभे राहिले. तिथल्या इंडिया सिक्युरिटी प्रेसच्या कामगारांच्या आयएसपी मजदूर संघाचे नाव नाशिकरोडच्या घराघरांत माहीत आहे. 2006 साली हे छापखाने सरकारी खात्याकडून महामंडळाकडे गेले, तेव्हा नोकरीच्या अटींबद्दल सरकारशी बोलायला कामगारांजवळ संघटना होती.

वर्तमानपत्रांची कथा मला जास्त बोचते. न्यायमूर्ती राजाध्यक्ष यांच्या अध्यक्षतेखालच्या पहिल्या प्रेस आयोगाचा अहवाल 1954 मध्ये आला आणि 1955 साली श्रमिक पत्रकारांसाठी कायदा झाला. नोकरीची हमी, कामाचे तास, वेतन मंडळ असे सगळे त्यात आले. पण कायदा पत्रकारांपुरता. त्याच बातमीचे खिळे रात्री जुळवणारा आणि पहाटे मशीन चालवणारा कायद्याच्या वेतन मंडळात बसायला 1974 ची दुरुस्ती यावी लागली. लिहिणारा आणि जुळवणारा यांच्यात एकोणीस वर्षांचे अंतर राहिले. लिहिणाऱ्यांनी ते मिटवण्यासाठी आणखी जोर लावायला हवा होता, असे मला मनापासून वाटते.

आणि हे संरक्षणसुद्धा वर्तमानपत्रापुरतेच. पावती पुस्तके, लग्नपत्रिका, ग्रामपंचायतीचे दाखले, शाळेच्या प्रगतिपुस्तकांचे काम करणारा तालुक्याचा छापखाना त्या कायद्याबाहेर राहिला. तिथे मालक स्वतः मशीनवर, घरची माणसे घड्या घालायला आणि वर दोन-चार नोकर. 2025 मध्ये नव्या श्रम संहिता लागू होईपर्यंत ट्रेड युनियन कायदा 1926 चा होता. त्यात संघटनेच्या नोंदणीला किमान सात सभासद लागत. 2001 च्या दुरुस्तीनंतर उद्योगातल्या कामगारांपैकी 10 टक्के किंवा 100, यांतला कमी आकडा लागू लागला, आणि सातांची अट होतीच. कारखाना कायदाही विजेवरच्या लहान जागेला महाराष्ट्रात शेवटी शेवटी 20 कामगारांखाली लागू होत नसे. चार माणसांचा छापखाना दोन्ही कायद्यांच्या उंबऱ्याबाहेर पडे. तालुक्यातले सगळे छापखाने मिळून सात काय, सत्तर माणसे जमतील. पण मालक आणि नोकर एका ताटात जेवतात, शेजारच्या छापखान्यातला कामगार उद्या आपल्याच जागेवर येईल ही भीती असते, आणि काम लग्नसराई नि निवडणुकीपुरते. जूट बांधायची कोणी आणि कधी?

म्हणून संगणक आला तेव्हा दोन ठिकाणी दोन वेगळ्या गोष्टी घडल्या. लंडनच्या वॉपिंगमध्ये 1986 साली रुपर्ट मरडॉकच्या वर्तमानपत्रांतले सुमारे साडेपाच हजार कामगार नव्या छापखान्याविरुद्ध संपावर गेले, कामावरून काढले गेले आणि वर्षभर लढून हरले. हरले, पण जगाने ते पाहिले. आपल्या गावोगावच्या छापखान्यांत डीटीपी आले आणि केसा भंगारात वजनावर गेल्या. कंपोझिटर कधी माउस धरायला शिकला, कधी पानटपरी टाकली, कधी शेतावर परतला. त्याच्या नुकसानभरपाईची वाटाघाट झाली नाही, कारण त्याच्या बाजूने बसायला कोणी नव्हते.

आज त्याच जागी फ्लेक्स छापणारा पोरगा आहे. सॉल्व्हंट शाईच्या उग्र वासात बंद खोलीत तो रात्र रात्र मशीन चालवतो, विशेषतः निवडणुकीत. निवडणुकीच्या प्रत्येक पत्रकावर आणि पोस्टरवर मुद्रकाचे नाव-पत्ता टाकणे कायद्याने सक्तीचे आहे, आणि ते नाव मालकाचे असते. छपाई हा महाराष्ट्रात किमान वेतनाच्या जुन्या अनुसूचीतलाही उद्योग होता, आणि आजही त्या पोराला सरकारने ठरवलेला दर मागता येतो. पण एकट्याने मागायचा म्हणजे नोकरी पणाला लावायची.

यावर महाराष्ट्रानेच शोधलेला एक उपाय आहे. विखुरलेल्या हमालांसाठी 1969 साली माथाडी कायदा झाला, अण्णासाहेब पाटलांसारख्यांनी त्यासाठी रस्त्यावर उतरून लढा दिला. मालक आणि कामगार दोघांचीही मंडळाकडे नोंद, मजुरी मंडळामार्फत, भविष्य निर्वाह निधी आणि सुट्टीचे पैसे मंडळातूनच. कामगार आज या दुकानात तर उद्या त्या दुकानात असला तरी त्याचे खाते तुटत नाही. जिल्ह्यातल्या लहान छापखान्यांसाठी असे मंडळ करता येईल. किमान वेतन, रात्रपाळीचा जादा दर, हवा खेळती ठेवण्याची सक्ती आणि शाईने आजारी पडल्यास उपचाराचा खर्च, एवढ्या चार मागण्यांपासून सुरुवात व्हावी. मुकुटबन-वणी पट्ट्यातल्या कोळसा आणि सिमेंटच्या संघटनांकडे कार्यालये आहेत, वकील आहेत, लढ्याचा अनुभव आहे. आपली पत्रके जिथे छापून घेतो त्या छापखान्यातल्या कामगाराला किमान वेतन मिळते का, हे त्यांनी पुढच्या ऑर्डरच्या वेळी विचारावे.