‘ड्रॅगन ब्रेक’ : काळ मोडल्याची बखर

● विश्व : ‘द एल्डर स्क्रोल्स’ या व्हिडिओ गेम मालिकेतला टॅम्रिएल खंड. तिथला काळाचा देव अकाटोश ड्रॅगनरूपी आहे.

● घटना : मारुखाती पंथीयांनी या देवाचे स्वरूप बदलण्यासाठी विधी केला आणि १००८ वर्षे काळाचा क्रम विस्कटला, अशी तिथली आख्यायिका.

● ग्रंथ : मालिकेतल्या २००२च्या ‘मोरोविंड’ या गेममध्ये या घटनेवरचे ग्रंथ खेळाडूला वाचायला मिळतात. एकात काळ मोडल्याच्या साक्षी आहेत. दुसऱ्यात फाल ड्रून हा काल्पनिक अभ्यासक हा सारा प्रकार कालगणनेतली चूक ठरवतो.

● उपयोग : मालिकेतल्याच १९९६च्या ‘डॅगरफॉल’ या गेमला अनेक शेवट होते. तसाच पुन्हा एकदा काळ मोडल्याने ते सगळेच घडले, असे मालिकेने पुढे मानले.

परस्परविरोधी साधने शेजारी ठेवून निवाडा वाचकावर सोडणारे हे ग्रंथ इतिहासाच्या प्रत्येक विद्यार्थ्याने वाचावेत.