याचिका मागे घेणे म्हणजे हक्क सोडणे नव्हे

तलावासाठी अथवा कालव्यासाठी जमीन संपादन झाली व मोबदला अपुरा वाटला, की काही शेतकरी थेट उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करतात. सुनावणीच्या वेळी, कायद्याने दुसरा मार्ग दिला असता येथे का आलात, असा प्रश्न निघतो. वकील याचिका मागे घेण्याचा सल्ला देतात आणि गावात वार्ता पसरते, की दावा बुडाला. हा समज चुकीचा आहे.

जमिनीचा भाव, मोजणी, विहिरीचे व झाडांचे मोल हे प्रश्न साक्षीपुराव्याने ठरतात. त्यासाठी निराळी व्यवस्था असल्यास उच्च न्यायालय सामान्यतः तिकडेच जाण्यास सांगते. अधिकार नसता हुकूम झाला, किंवा बाजू मांडण्याची संधीच दिली नाही, तर गोष्ट वेगळी.

भूमिसंपादनाच्या २०१३ च्या कायद्यातील कलम ६४ ही अशी व्यवस्था होय. ज्याने निवाडा मान्य केलेला नाही, त्याने जिल्हाधिकाऱ्यांकडे आपली कारणे नमूद करून लेखी अर्ज द्यावा व प्रकरण प्राधिकरणाकडे पाठविण्याची मागणी करावी. निवाड्याच्या वेळी हजर असल्यास मुदत सहा आठवड्यांची. हजर नसल्यास नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जी आधी संपेल ती. पुरेसे कारण पटल्यास पुढील एका वर्षाच्या आत अर्ज घेण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. राष्ट्रीय महामार्ग अधिनियमाखालील मोबदल्याचा वाद मात्र लवादाकडे न्यावा लागतो.

खरा धोका आहे तो दिरंगाईचा. वाफसा गेल्यावर पाभर जुंपून उपयोग नाही. तसेच मुदत टळल्यावर अर्जाचे होते. म्हणून पुढील गोष्टी कटाक्षाने पाळाव्यात :

१) याचिका मागे घेताना 'अन्य कायदेशीर उपाय करण्याची मुभा राखून' असे शब्द हुकुमात नोंदवून घ्यावेत. परवानगीवाचून मागे घेतलेल्या याचिकेच्या विषयावर पुन्हा रिट याचिका करता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणी ठरविले आहे.

२) अशी मुभा मिळाल्याने मुदत आपोआप वाढत नाही. हुकुमाची नक्कल मिळताच अर्ज द्यावा, याचिकेत गेलेल्या काळाचा त्यात तारखांसह उल्लेख करावा व पोच घ्यावी.

३) मोबदल्याची रक्कम घेताना हरकत लेखी नोंदवावी. हरकतीशिवाय रक्कम घेणाऱ्यास कलम ६४ चा अर्ज करता येत नाही.

४) सातबारा, मोजणीचा नकाशा, शेजारच्या जमिनींची खरेदीखते व फळझाडांच्या नोंदी एकत्र ठेवाव्यात.

ग्रामसेवकांनी गावात निवाड्याची नोटीस येताच तिची तारीख संबंधितांना समजावून सांगावी व त्यांना वेळीच वकिलाकडे पाठवावे. चुकलेली वाट सोडून योग्य वाटेस लागणे यात कमीपणा नाही. मात्र ती वाट खुली आहे तोवरच पाऊल उचलले पाहिजे.