पाण्याला पळवणारी कढई

लोखंडी कढई रिकामीच मोठ्या आचेवर ठेवा आणि थोड्या थोड्या वेळाने तिच्यात पाण्याचा एकेक थेंब सोडून बघा. सुरुवातीला थेंब पसरतो, बुडबुडतो आणि हळूहळू आटतो. मग चर्र आवाज करून क्षणात नाहीसा होतो. कढई आणखी तापली की मात्र विलक्षण गोष्ट घडते. थेंब लवकर आटतच नाही! टपोऱ्या मोत्यासारखा गोल होऊन तो कढईभर घरंगळत फिरतो. लोखंड जास्त तापलं, तर पाणी जास्त वेळ टिकलं. कारण थेंबाच्या तळाशी वाफेचा पातळ थर तयार होतो, थेंब त्यावर तरंगतो आणि लोखंडाला शिवतच नाही. योहान गॉटलोब लायडेनफ्रॉस्ट या जर्मन वैद्याने तापून लाल झालेल्या लोखंडी चमच्यावर हे पाहिलं आणि १७५६ साली लिहून ठेवलं. थेंब असा नाचू लागला म्हणजे कढई साधारण २०० अंशांच्या घरात पोचली. चिनी पद्धतीने चिकन आणि भाज्या परतायच्या असतील तर सुरुवात इथून करायची. (नॉनस्टिक भांड्यावर हा प्रयोग नको, रिकामं तापवलं की त्याचा लेप खराब होतो.)

वर्धा असो, हिंगणघाट असो की आर्वी, चायनीजची गाडी आता कुणाला नवी नाही. त्या गाडीवरचं मंच्युरियन हे आपल्याच देशातलं अपत्य आहे. १९७५ साली मुंबईच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात नेल्सन वाँग यांनी ते पहिल्यांदा केलं असं सांगतात. चीनमधल्या घरांत रोज रात्री होणारी परतलेली भाजी याहून फार साधी असते: थोडं मांस, दोन-तीन भाज्या, लसूण, अद्रक, सोया सॉस. रस्सा नाही, तळण नाही. चिरायला अर्धा तास लागेल, पण आचेवरचं काम पाच-सात मिनिटांत आटोपतं. मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो त्या वर्ध्याच्या स्वयंपाकघरात एवढं एक कारणसुद्धा हा पदार्थ शिकायला पुरेसं आहे.

या पाच मिनिटांत खरा सामना पाण्याशी असतो. कोंबडीच्या मांसात सुमारे ७५ टक्के पाणी, पत्ताकोबीत नव्वद टक्क्यांहून जास्त, शिमला मिरचीतही तेवढंच. एक ग्रॅम पाणी खोलीच्या तापमानावरून उकळीपर्यंत न्यायला सुमारे ३१५ जूल ऊर्जा लागते. आणि उकळलेल्या त्याच एका ग्रॅमची वाफ करायला? सुमारे २२६० जूल, म्हणजे सातपट! पाणी १०० अंशांवर येऊन थांबतं आणि पुढची सगळी उष्णता वाफ होण्यासाठी गिळत बसतं. मांस ओलं आहे तोवर त्याचा पृष्ठभाग शंभराच्या वर सरकत नाही. इकडे खमंगपणा आणणारी क्रिया जोर धरते ती १४० अंशांच्या आसपास. मांसातली अमिनो आम्लं आणि साखर यांच्या त्या संयोगाचं वर्णन फ्रान्सच्या लुई-कामिल मायार यांनी १९१२ साली केलं. भाकरीवरचे तपकिरी डाग, भाजलेल्या दाण्यांचा वास, कॉफीचा रंग, सगळीकडे तीच क्रिया आहे. ओल आणि खमंगपणा एका जागी नांदत नाहीत.

आता घरच्या गॅसचा हिशेब करू. मोठा बर्नर साधारण दोन-अडीच किलोवॅटचा असतो आणि त्यातलीही बरीच उष्णता कढईच्या कडेने हवेत जाते. समजा दीड किलोवॅट प्रत्यक्ष पोचली. चिरलेल्या भाज्यांतून ५० ग्रॅम पाणी सुटलं, म्हणजे जेमतेम पाव वाटी, तर ते उडवायलाच सव्वा मिनिट जाईल. तेवढ्या वेळात भाजी स्वतःच्याच पाण्यात शिजून लिबलिबीत होते. हॉटेलातल्या चिनी भट्टीची ताकद घरच्या गॅसच्या दहापट आणि त्याहूनही जास्त असू शकते, म्हणून तिथे किलोभर भाजी एका वेळी टाकली तरी चालते. आपल्याला ते जमणार नाही, पण त्याने काही बिघडत नाही. एका वेळी थोडंच टाकायचं आणि दोन-तीन हप्त्यांत परतायचं, की घरचा गॅसही पुरतो. घरच्या चायनीजची चव बिघडते ती बहुतेक वेळा मसाला कमी पडल्याने नव्हे, कढई भरून टाकल्याने.

कढईबद्दल विदर्भातल्या माणसाला बाहेरून फार काही आणावं लागत नाही. खोलगट लोखंडी कढई चिनी वॉकच्या जवळचीच. नवी कढई घासून कोरडी करा, जवसाच्या तेलाचा हात अगदी पातळ फिरवा, जास्तीचं तेल पुसून घ्या आणि धूर निघून थांबेपर्यंत तापवा. असं तीन-चारदा केलं की लोखंडावर काळाभोर, गुळगुळीत थर चढतो. जवसाचं तेल इथे सर्वांत चांगलं, कारण ते हवेत आणि उष्णतेत घट्ट होऊन सुकतं. तैलरंगात ते वापरतात तेही याच गुणामुळे. त्याचे रेणू एकमेकांत गुंततात आणि तेलाचा टणक थर होतो, तेल राहतच नाही. वर्ध्याच्या मगनवाडीत झवेरभाई पटेल यांनी तेलाच्या घाणीत सुधारणा केल्या आणि ती घाणी पुढे वर्धा घाणी म्हणूनच ओळखली गेली. जवस आणि घाणी दोन्ही इथल्याच मातीतली. परतण्यासाठी मात्र रिफाइंड शेंगदाणा तेल घ्या. ते सुमारे २३० अंशांपर्यंत धुराशिवाय टिकतं. घाणीचं तेल चवीला कितीही सरस असलं तरी इतक्या आचेवर लवकर धुरावतं.

चिकन ब्रॉयलर कोंबडीचंच बरं. गावरान कोंबडीचं मांस चवदार, पण चिवट. तिचा रस्साच करावा. चौघांसाठी ३०० ग्रॅम बोनलेस पुरतं, कारण इथे मांस भाजीच्या जोडीला असतं. ते अर्धा तास बर्फाच्या कप्प्यात ठेवून जरा कडक करा, मग सुरी सरळ चालते. मांसाकडे नीट पाहिलं तर धागे एका दिशेने गेलेले दिसतील. त्या धाग्यांना आडवे, अर्ध्या सेंटीमीटरहून पातळ काप करा. धागा जितका आखूड, तितकं मांस दाताखाली मऊ. मग कापांना एक चमचा सोया सॉस, एक चमचा कॉर्नफ्लोअर आणि एक चमचा तेल चोळून वीस मिनिटं ठेवा.

हे कॉर्नफ्लोअर म्हणजे चिनी स्वयंपाकातली मोठी हुशारी. मांसाचं तापमान ६५-७० अंशांच्या पुढे गेलं की त्यातली प्रथिनं आवळत जातात आणि पिळल्यासारखा रस बाहेर फेकतात. त्याच सुमाराला कॉर्नफ्लोअरमधला स्टार्च पाणी पिऊन फुगतो आणि कापाभोवती चकचकीत पातळ अस्तर धरतो. बाहेर पडू पाहणारा रस त्या अस्तरात अडकतो, उष्णतेचा थेट तडाखाही मांसाला बसत नाही. बोकडाचं मटण घेतलं तर पाव चमचा खाण्याचा सोडा चोळून पंधरा मिनिटं ठेवा, धुवा आणि पूर्ण कोरडं करून मगच कॉर्नफ्लोअर लावा. सोड्याच्या अल्कलीने प्रथिनांना एकमेकांना घट्ट धरताच येत नाही.

भाज्या धुऊन निथळायला वेळ द्या, फडक्याने टिपून घ्या. गाजर पातळ, शिमला मिरची लांब, पत्ताकोबीचे जाडसर चौकोन, पातीच्या कांद्याचे पांढरे आणि हिरवे भाग वेगळे. एका वाटीत एक चमचा सोया सॉस, अर्धा चमचा साखर, अर्धा चमचा कॉर्नफ्लोअर आणि तीन चमचे पाणी कालवून ठेवा. सगळं हाताशी आल्याशिवाय गॅस पेटवू नका, नंतर लसूण सोलायला सवड मिळत नाही.

कढई थेंब नाचेपर्यंत तापली की कोरडी पुसा, तेल फिरवा आणि चिकनचे निम्मेच काप पसरून टाका. आता अर्धा मिनिट हात आवरा. हलवलं नाही तरच खालची बाजू तपकिरी होते. मग सराट्याने उलटा, गुलाबीपणा गेला की काढून घ्या, उरलेले काप टाका. तेही निघाले की पुन्हा थोडं तेल, ठेचलेला लसूण आणि अद्रक, फक्त दहा सेकंद. लगेच गाजर, नंतर मिरची, शेवटी पत्ताकोबी. मिरचीचा हिरवा रंग कढईत पडताच एकदम उजळतो, तो क्षण मुद्दाम बघण्यासारखा आहे. पेशींच्या मधली हवा उष्णतेने निघून जाते आणि आतलं हरितद्रव्य जणू पडदा सारल्यागत दिसू लागतं. आणखी पाच-सात मिनिटं शिजवलं तर भाजीतलंच आम्ल त्या हरितद्रव्याच्या मध्यभागचा मॅग्नेशियम हुसकून लावतं आणि रंग शेवाळी होतो. व्हिनेगर घालायचं तर अगदी शेवटी, ते याचसाठी.

चिकन परत कढईत, वाटीतलं मिश्रण ढवळून कडेने सोडायचं. अर्ध्या मिनिटात ते चकचकीत होऊन सगळ्याला लपेटतं. वर पातीचा हिरवा भाग. कढई उडवण्याचा हट्ट घरी नको. हुंगटांग को आणि डेव्हिड हू या संशोधकांनी आचाऱ्यांच्या हातांचं चित्रण करून २०२० साली त्याचं गणित मांडलं: एक फेक सेकंदाच्या साधारण तिसऱ्या हिश्श्यात पूर्ण होते! घास हवेत निवतो, पडून पुन्हा तापतो, म्हणून इतक्या जाळावरही करपत नाही. आपल्या आचेला सराटा पुरतो.

आणि सोया सॉस. शिजवलेलं सोयाबीन आणि भाजलेला गहू यांवर एक बुरशी वाढवतात, मग ते मिठाच्या पाण्यात महिनोन्‌महिने मुरवतात. बुरशीची एंझाइमं सोयाबीनमधल्या प्रथिनांचे तुकडे करतात आणि त्यातून ग्लुटामेट सुटं होतं. हेच ग्लुटामेट १९०८ साली जपानच्या किकुनाए इकेदा यांनी समुद्री शेवाळाच्या रश्श्यातून वेगळं काढलं आणि पुढे ते पांढऱ्या पुडीतून जगभर गेलं. मूळ चीनचं सोयाबीन आज वर्धा जिल्ह्यात कपाशी आणि तुरीच्या बरोबरीने शेतोशेती उभं असतं, हिंगणघाटच्या बाजारात पोत्यांनी येतं आणि तेल व पेंड होण्यासाठी निघून जातं. ज्या मगनवाडीत घाणी सुधारली तिथेच १९३५ साली गांधीजींनी सोयाबीन रोजच्या जेवणात घालून पाहिलं होतं. स्वस्तातलं सकस अन्न शोधणं हा त्यामागचा हेतू होता, आणि अर्थात तिथे मांसाला जागा नव्हती. शाकाहारी घरात याच रीतीने सोया पनीर परतावं. पाणी दाबून काढलं आणि कॉर्नफ्लोअर लावलं की ते छान खरपूस होतं. इतकं सोयाबीन पिकवणाऱ्या जिल्ह्यात ते पानात इतकं कमी यावं, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

कारंजा घाडगे, आष्टी, आर्वीकडची संत्रीही सोयाबीनसारखीच चीनच्या मुलखातली लेकरं. संत्र्याच्या मँडरिन कुळाचं मूळ चीनच्या दक्षिणेकडचं, आणि तिथले लोक गर खाऊन साल फेकत नाहीत. ती वाळवून वर्षानुवर्षं जपतात. ग्वांगडोंगमधल्या शिनहुई इथली वाळवलेली साल तर नावाजलेली आहे. आंबिया बहाराची संत्री दिवाळीच्या आगेमागे येतात, तेव्हा फवारणीचा अंश जावा म्हणून फळ नीट धुऊन सोला, सालीच्या आतला पांढरा भाग चमच्याने खरवडा आणि साल कडकडीत वाळेपर्यंत ठेवा. परतायच्या आधी बोटभर तुकडा कोमट पाण्यात भिजवून बारीक चिरा आणि लसूण-अद्रकासोबत तेलात टाका. सालीतलं सुगंधी तेल गरम तेलात उतरतं आणि चिकनला कडसर, आंबट-गोड वास येतो. सुकी लाल मिरची सोबत असली तर फारच उत्तम, पण तेव्हा साखर अर्ध्याऐवजी एक चमचा घ्या.