नसलेल्या फोनचा नकार

संगणकावर एखादी एपीके, म्हणजे अँड्रॉइड अॅपची फाइल असेल तर ती नोटपॅडमध्ये उघडून बघा. पडदाभर अगम्य चिन्हांचा सडा पडेल, पण अगदी सुरुवातीची दोन रोमन अक्षरं स्वच्छ वाचता येतील: पी आणि के. ही आद्याक्षरं आहेत फिल कॅट्झ या अमेरिकन प्रोग्रामरची. त्याने १९८९ साली झिप फाइलची रचना ठरवली आणि २००० साली तो वारला. अँड्रॉइडचा पहिला फोन विकायला आला २००८ मध्ये. म्हणजे जो फोन या माणसाने कधी पाहिलाच नाही, त्याच्या प्रत्येक अॅपच्या कपाळावर त्याची आद्याक्षरं आहेत! कारण एपीके ही मुळात एक झिप फाइलच असते.

या दोन अक्षरांचा रोकडा उपयोगही आहे. संगणकावरच्या अँड्रॉइड एम्युलेटरमध्ये फाइल ओढून टाकली आणि ‘ही फाइल वाचता येत नाही’ अशा अर्थाची तक्रार आली, तर आधी ही अक्षरं तपासा. त्यांच्या जागी एचटीएमएलचा मजकूर दिसला तर तुम्ही अॅप उतरवलेलंच नाही. डाउनलोडचं बटण असलेलं वेबपान अॅपच्या नावाने साठवून ठेवलं आहे. आणि अक्षरं बरोबर असूनही तक्रार येत असेल तर? झिपमध्ये आतल्या वस्तूंची यादी फाइलच्या अगदी शेवटी असते. डाउनलोड ९९ टक्क्यांवर तुटलं तर सामान जवळपास सगळं आलं, पण यादी आलीच नाही. यादीशिवाय फोन त्या सामानाला हात लावत नाही. फाइल पुन्हा उतरवा, विषय संपला.

पण फाइल धडधाकट असूनही नकार येतो, तेव्हा खरी गंमत सुरू होते. त्यासाठी आधी हा एम्युलेटर म्हणजे काय प्रकार आहे ते पाहू.

गूगलने अँड्रॉइडसाठी अॅप लिहिण्याची साधनं नोव्हेंबर २००७ मध्ये खुली केली आणि चांगल्या अॅपसाठी एक कोटी डॉलरची बक्षिसं जाहीर केली. पहिल्या फेरीच्या प्रवेशिका एप्रिल २००८ मध्ये द्यायच्या होत्या. आणि फोन? तो अमेरिकेतल्या दुकानांत पोचला ऑक्टोबरमध्ये. मग स्पर्धकांनी आपली अॅप चालवून कशावर पाहिली असतील? एम्युलेटरवर! फोन यायच्या आधी फोनचं सोंग तयार होतं, आणि अॅपना ते सोंग आहे याचा पत्ताही नव्हता.

या सोंगाच्या पोटात क्यूईएमयू नावाचा प्रोग्राम आहे. फाब्रिस बेलार या फ्रेंच प्रोग्रामरने तो लिहिला आणि २००३ साली जगापुढे ठेवला. एम्युलेटरमध्ये या प्रोग्रामसमोरचा पेच असा. फोनमधली चिप बहुधा ‘आर्म’ घराण्यातली असते. हे घराणं १९८५ साली केंब्रिजच्या एकॉर्न कंपनीत सोफी विल्सन आणि स्टीव्ह फर्बर यांनी सुरू केलं. आपल्या टेबलावरचा संगणक बहुधा ‘एक्स८६’ घराण्यातला, म्हणजे इंटेलच्या १९७८ च्या ८०८६ चिपचा वंशज. दोघीही शून्य आणि एकच वाचतात. पण आकड्यांची जी रांग एका चिपला ‘बेरीज कर’ सांगते, तीच दुसरीच्या दृष्टीने भलतीच आज्ञा असते किंवा निव्वळ बडबड. क्यूईएमयू आर्मच्या आज्ञांचा छोटा तुकडा उचलतो, चालता चालता त्याचं एक्स८६ मध्ये भाषांतर करतो आणि ते जपून ठेवतो. तोच तुकडा परत आला तर पुन्हा कष्ट नकोत. हे सेकंदात लाखो वेळा. आणि फक्त चिपच नव्हे, तर पडदा, बॅटरी, जीपीएस, सिमकार्ड, सगळं असंच खोटं. या खोट्या फोनच्या मदरबोर्डला अभियंत्यांनी नाव दिलं ‘गोल्डफिश’. पुढच्या पिढीचा बोर्ड ‘रांचू’, ही गोल्डफिशचीच एक जात. भांड्यातल्या माशाला भांडंच समुद्र वाटत असणार, हे नाव ठेवणाऱ्याच्या मनात होतं की नाही कोण जाणे, पण नाव चपखल आहे.

एवढ्या भाषांतराची किंमत मात्र मोजावी लागायची. सुरुवातीच्या वर्षांतला एम्युलेटर इतका संथ होता की तो सुरू होईपर्यंत चहा पिऊन यावं. मग एक नामी युक्ती निघाली: भाषांतरच कशाला करायचं? अँड्रॉइड मुळातच एक्स८६ साठी बांधून घेतलं की झालं! इंटेलने २००५ मध्ये आणि एएमडीने २००६ मध्ये चिपमध्येच अशी सोय आणली होती की एका संगणकाच्या आत दुसरा संगणक जवळजवळ पूर्ण वेगाने पळावा. तिचं नाव व्हर्च्युअलायझेशन. आतल्या फोनच्या आज्ञा आता थेट खऱ्या चिपवर चालू लागल्या आणि गोगलगाय हरणासारखी धावू लागली. (तुमचा एम्युलेटर अजूनही रांगत असेल, अॅप इन्स्टॉल होताना अडकून बसत असेल, तर विंडोजच्या टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्सच्या पानावर व्हर्च्युअलायझेशन चालू आहे का बघा. बंद असेल तर बायोसमध्ये जाऊन चालू करा.)

आणि नेमकी या वेगातूनच सगळ्यात चक्रावून टाकणारी एरर जन्माला आली. इंग्रजीत ती येते ‘इन्स्टॉल फेल्ड नो मॅचिंग एबीआयज’ अशी. अँड्रॉइडच्या मूळ कोडमध्ये प्रत्येक नकाराला क्रमांक आहे. हिचा क्रमांक उणे ११३. साधा कॅल्क्युलेटर बिनतक्रार बसतो, रेसिंगचा गेम मात्र दारातूनच परत पाठवला जातो. असं का?

एपीकेचं नाव बदलून शेवटी ‘झिप’ लिहा आणि उघडा. आत ‘क्लासेस.डेक्स’ नावाची फाइल सापडेल. अॅपचा जावा किंवा कोटलिनमध्ये लिहिलेला भाग इथे असतो, आणि तो जगातल्या कुठल्याही चिपच्या भाषेत नसतो! तो एका काल्पनिक यंत्रासाठी लिहिलेला असतो. त्याला खऱ्या चिपच्या आज्ञांचं रूप द्यायचं काम ज्याचा तो फोन करतो. त्यामुळे कॅल्क्युलेटरला सगळी घरं सारखी. पण गेम, व्हिडिओ, कॅमेऱ्याची करामत यांना वेग हवा असतो. मग त्यांचे लेखक काही भाग सी किंवा सी++ मध्ये लिहून थेट चिपच्या भाषेत उतरवून देतात. असा भाग ‘लिब’ नावाच्या फोल्डरमध्ये असतो, आणि त्याच्या आत प्रत्येक चिप-घराण्याचं वेगळं फोल्डर. एररमधलं ‘एबीआय’ म्हणजे ढोबळमानाने हेच चिप-घराणं. तिथे फक्त ‘आर्म’ नावाची फोल्डरं असतील आणि तुमचा एम्युलेटर एक्स८६ चा असेल, तर आलं ना लक्षात? पूर्वीचा संथ एम्युलेटर हे अॅप खुशाल चालवायचा, कारण तो सगळंच भाषांतर करत होता. आपण भाषांतर काढून टाकून वेग मिळवला, आणि उणे ११३ ही त्या वेगाची पावती आहे.

उपाय त्याहून सुरस आहे. मार्च २०२० मध्ये गूगलने अँड्रॉइड ११ च्या अशा इमेज (एम्युलेटरमध्ये बसवायची तयार अँड्रॉइड यंत्रणा) दिल्या, ज्यांत सारी यंत्रणा एक्स८६ मध्येच धावते आणि फक्त अॅपच्या आर्म भागापुरतं भाषांतर होतं. म्हणजे जुनी युक्ती परत आली, पण जिथे अडलं तिथेच. म्हणून जुन्या इमेजवर गेम बसत नसेल तर अँड्रॉइड ११ किंवा त्यापुढची इमेज घेऊन नवा एम्युलेटर बनवा; पुष्कळदा तेवढ्याने भागतं. त्याच वर्षी अॅपलने एम१ चिपचे मॅक आणले. ती चिप आर्म घराण्यातलीच! तिथे आर्मचं अँड्रॉइड भाषांतराविना पळतं.

दुसरा नकार मला व्यक्तिशः सगळ्यात आवडतो. क्रमांक उणे ७, ‘अपडेट इनकम्पॅटिबल’. अॅप आधीपासून बसलेलं आहे, तुम्ही त्याचीच नवी आवृत्ती टाकताय, नाव तेच, चिन्ह तेच, आणि फोन म्हणतो, नाही! त्याला काय खटकलं? सही. प्रत्येक एपीकेवर तिच्या कर्त्याची गणिती सही असते. गंमत म्हणजे ही सही कुणाची, हा माणूस कोण, याची चौकशी अँड्रॉइड करत नाही. त्याचा प्रश्न एकच: पहिल्या वेळी ज्या हाताने सही केली, तोच हात आजही आहे का? आणि अँड्रॉइड ७ पासून तर सही फाइलच्या सर्व मजकुराला लागू होते. आतला एक बाइट बदलला तरी ती मोडते.

एवढा कडकपणा कशासाठी? अँड्रॉइडच्या तळाशी लिनक्स आहे, आणि लिनक्सने युनिक्सकडून एक जुना रिवाज घेतला आहे: एका संगणकावर अनेक माणसं, प्रत्येकाची खोली वेगळी. अँड्रॉइडने तिथे माणसांच्या जागी अॅप बसवली! प्रत्येक अॅपला साधारणपणे १०००० पासून पुढचा स्वतःचा वापरकर्ता क्रमांक मिळतो आणि स्वतःची कुलूपबंद जागा. परक्या सहीच्या अॅपला ‘अपडेट’ म्हणून आत घेतलं, तर तुमच्या बँकेच्या अॅपची जागा नावसाधर्म्यावर कुणाही भामट्याच्या हाती जाईल. एम्युलेटरवर हा नकार बहुतेक वेळा निरागस कारणाने येतो: चाचणीच्या अॅपवर सही करायची तुमच्या संगणकाची किल्ली वेगळी, सहकाऱ्याच्या संगणकाची वेगळी. जुनं अॅप अनइन्स्टॉल करा, नवं टाका. पण त्याबरोबर जुनी माहितीही जाईल, हे आधी ध्यानात घ्या.

खऱ्या फोनवरून अॅप काढून एम्युलेटरवर टाकायला गेलात तर ‘मिसिंग स्प्लिट’ भेटण्याची शक्यता मोठी. ऑगस्ट २०२१ पासून प्ले स्टोअरवरची नवी अॅप एकसंध येत नाहीत. स्टोअर तुमच्या फोनची चिप, पडदा आणि भाषा पाहून तेवढेच तुकडे पाठवतं. फोनची भाषा मराठी असेल आणि अॅपमध्ये मराठीची सोय असेल, तर मराठी शब्दांचा तुकडा येतो. यातला फक्त मुख्य तुकडा उचलला तर ते अॅप अर्धवट. सगळे तुकडे ‘एडीबी इन्स्टॉल-मल्टिपल’ या कमांडने एकदम द्यावे लागतात (एडीबीची ओळख पुढे होईलच).

वयाचीही अट आहे, आणि दोन्ही बाजूंनी! अॅप नवं आणि इमेज जुनी असेल तर नकार येतो हे समजण्यासारखं आहे. पण अँड्रॉइड १४ फार जुनी अॅपही घेत नाही. अँड्रॉइड ६ च्या आधीच्या जमान्यासाठी बांधलेली अॅप प्रत्येक परवानगी वेगळी न मागता इन्स्टॉल होतानाच सगळ्या घेऊन टाकत, आणि काही लबाड अॅप मुद्दाम म्हातारपणाचं सोंग घेऊन ती सवलत लाटत होती. जुनंच अॅप चालवायचं असेल तर जुन्या अँड्रॉइडची इमेज बनवा. एम्युलेटरचं हे वैभव खऱ्या फोनला कुठून असणार?

जागा अपुरी असल्याचा नकार फारसा रंजक नाही. आतल्या फोनची डिस्क म्हणजे तुमच्या संगणकावरची एक फाइल. एम्युलेटरच्या डिव्हाइस मॅनेजरमधून (विंडोजच्या नव्हे) तिचा आकार वाढवता येतो किंवा ‘वाइप डेटा’ने ती कोरी करता येते.

आणि कधी कधी अॅपची फाइल फोनपर्यंत पोचतच नाही. संगणक आणि एम्युलेटर एकमेकांशी नेटवर्कवरून बोलतात, जणू दोन वेगळी यंत्रं, एकाच खोक्यात! एडीबी नावाचा निरोप्या ५०३७ क्रमांकाच्या पोर्टवर बसलेला असतो आणि ५५५५ ते ५५८५ मधले विषम क्रमांक ठोठावत कुणी एम्युलेटर जागा आहे का पाहतो. म्हणून अॅप बसलं नाही की एरर शोधत फिरण्याआधी ‘एडीबी डिव्हायसेस’ ही कमांड द्या. यादी रिकामी आली किंवा नावापुढे ‘ऑफलाइन’ दिसलं, तर ‘एडीबी किल-सर्व्हर’ने निरोप्याला उठवा, ‘एडीबी स्टार्ट-सर्व्हर’ने पुन्हा बसवा. तरीही जमलं नाही तर एम्युलेटर ‘कोल्ड बूट’ करा, म्हणजे पूर्ण बंद करून नव्याने सुरू करा. तोवर एपीकेला दोष देऊ नका. तिने अजून दार पाहिलेलंच नाही.