सज्ञान व्यक्तीचा विवाह आणि हेबियस कॉर्पस
(कायदा आणि नागरिक : लेखांक ९)

सरकारने स्थानबद्ध केलेल्या माणसाला न्यायासनापुढे हजर करवून त्याच्या अटकावाचा जाब मागणारा हुकूम म्हणून हेबियस कॉर्पसचा परिचय गेल्या लेखांकात झाला. परंतु अटकाव करणारा नेहमी सरकारच असतो असे नाही. तो बाप, भाऊ किंवा चुलताही असू शकतो, आणि अशा खाजगी कैदेविरुद्धही संविधानाच्या २२६ व्या कलमान्वये उच्च न्यायालयात दाद मागता येते. महाराष्ट्राला ही गोष्ट जुनीच आहे. १८२८ साली पुण्यात आप्तांच्या ताब्यात असलेल्या मोरो रघुनाथ नामक अल्पवयीन मुलास हजर करण्याचा हुकूम मुंबईच्या तत्कालीन सुप्रीम कोर्टाने काढला; गव्हर्नर माल्कम यांनी त्याची बजावणी होऊ दिली नाही, तेव्हा न्यायमूर्ती ग्रँट यांनी पुढील वर्षी कोर्टच बंद ठेवले. वाद अधिकारक्षेत्राचा होता आणि प्रिव्ही कौन्सिलचा कौल कोर्टाच्या विरुद्ध गेला.

अज्ञान मुलाच्या बाबतीत कोर्ट त्याचे हित पाहते व ताबा कोणाकडे द्यावा हे ठरवते. अठरा वर्षे पूर्ण झालेल्या व्यक्तीच्या बाबतीत ताब्याचा प्रश्नच उद्भवत नाही. मुलीने मनाजोगे लग्न केले की बाप अर्ज करतो, पोलीस तिला शोधून कोर्टात आणतात, जन्मदाखल्यावरून वयाची खातरजमा होते, आणि पुष्कळदा न्यायमूर्ती माहेरच्या व सासरच्या मंडळींना बाहेर ठेवून आपल्या दालनात तिला विचारतात की, बाई, तू स्वखुशीने राहतेस काय. उत्तर ‘होय’ असेल आणि त्यामागे दडपण दिसत नसेल, तर अर्ज तेथेच निकाली निघावयास हवा.

केरळात तसे झाले नाही. होमिओपथीचे शिक्षण घेणाऱ्या, धर्मांतर केलेल्या एका सज्ञान तरुणीच्या वडिलांचा पहिला अर्ज जानेवारी २०१६ मध्ये तिची इच्छा नोंदवून उच्च न्यायालयाने निकाली काढला होता. वडिलांनी दुसरा अर्ज केला; तो प्रलंबित असता तिने विवाह केला, आणि २४ मे २०१७ रोजी त्याच न्यायालयाने पालकाची भूमिका स्वतःकडे घेऊन, आईबापांच्या सहभागावाचून असा निर्णय होऊ शकत नाही असे मानून, तो विवाह रद्दबातल ठरवला व तिला पित्याच्या घरी धाडले. तेथे ती पोलिसांच्या पहाऱ्यात सुमारे सहा महिने होती. मला याहून क्लेशदायक वाटते ते हे की, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेल्यावर ऑगस्टमध्ये आधी राष्ट्रीय तपास यंत्रणेकडून चौकशीचा आदेश निघाला, आणि तिचे म्हणणे तिच्याच तोंडून ऐकण्यास २७ नोव्हेंबर उजाडला. त्या दिवशी खुल्या न्यायालयात मल्याळम भाषेत तिने आपल्याला स्वातंत्र्य हवे असे सांगितले. पालक कोण हवा असे विचारता तिने पतीचे नाव घेतले. तरीही तिला पतीकडे न पाठवता अपुरे राहिलेले प्रशिक्षण पुरे करण्यासाठी सेलमच्या महाविद्यालयात पाठवण्यात आले. सज्ञान स्त्रीला पालकाविषयी विचारावे लागते, यातच सारा दोष आहे.

८ मार्च २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयाचा निर्णय फिरवला, आणि हेबियस कॉर्पसच्या अर्जावर विवाह रद्द करण्याचा अधिकार पोहोचत नाही हे निःसंदिग्धपणे सांगितले. कारणमीमांसा पुढील महिन्यात आली. तीत जोडीदाराची निवड ही २१ व्या कलमाने संरक्षिलेल्या जीवित व स्वातंत्र्याच्या हक्काचा गाभा मानली गेली. विवाहामागे गुन्ह्याचा संशय असेल तर त्याचा तपास निराळा चालेल, त्यासाठी स्त्रीला डांबून ठेवता येणार नाही.

त्याच एप्रिलात केरळातूनच दुसरे प्रकरण आले. येथे वराची एकवीस वर्षे पूर्ण झाली नव्हती, म्हणून उच्च न्यायालयाने वधूला बापाच्या स्वाधीन केले होते. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, केवळ त्या कारणाने हिंदू विवाह शून्य ठरत नाही, आणि दोघेही सज्ञान असल्याने विवाहाचे काहीही होवो, त्यांना एकत्र राहण्याचा अधिकार आहेच. मुलीने कोणाबरोबर राहावे हे तिने ठरवावे.